अंड्याचे आप्पे

आमच्या शाळेतल्या बाईंमध्ये बौद्ध मी एकटी. तरी मधल्या सुट्टीत माझ्या डब्यावर पहिली झडप सुरेखाची. अंडी फेटून त्यात कांदा, मिरची, किसलेलं चीज घालायचं आणि आप्पेपात्रात घासभर गोळे फुगवायचे, एवढंच असतं ते. पण सुरेखा त्यावर जीव टाकायची. म्हणून लेकीच्या वाढदिवसाला तिनं मलाच केजच्या घरी बोलावलं. "तूच कर गं. तुझ्यासारखे कुणाला जमत न्हाईत."

पात्र घेऊन गेले, तर शेगडी व्हरांड्यात मांडलेली.

"सासूबाईंचं लई कडक हाय," सुरेखा म्हणाली. "देवघर सैपाकघरातच हाय ना, अंडं आत चालत न्हाई."

मला पटलं. अंड्यामटणाची चूल परसात असलेली घरं मी काय कमी पाहिलीत? वाऱ्यानं शेगडी सारखी विझत होती, तरी मी हसतमुखानं आप्पे काढत राहिले. पाहुणे चटके बसले तरी थांबत नव्हते.

चीज संपलं म्हणून मिश्रणाचं भांडं घेऊनच आत गेले. ओट्यापाशी सुरेखाच्या सासूबाई, कौशल्याबाई, उकडलेली अंडी सोलत होत्या. शेजारी रस्सा रटरटत होता. देव तिथंच, दोन हातांवर.

"बाई, तू भाईर कावून बसलीस?" त्या म्हणाल्या. "मी म्हनले हिला आत बोलव. तर म्हनली, तुलाच मोकळ्यावर बरं वाटतंय."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. अंडं आत होतं. बाहेर मी होते! आणि वर त्या म्हातारीच्या नावावर खपवलेलं. भांडं ओट्यावर ठेवून तशीच बाहेर गेले, फडक्यात धरून तापलेलं पात्र आणलं आणि कौशल्याबाईंच्या शेगडीवर आदळलं. सुरेखा धावतच आली.

"सांग आता यांच्यासमोर," मी ओरडले. "काय चालत न्हाई तुमच्या घरात?"

कौशल्याबाईंच्या हातातलं अंडं तसंच राहिलं. त्या सुनेकडे बघत होत्या.

"हळू बोल ना, ज्योत्स्ना. माहेरची माणसं आलीत माझ्या."

"ती तर माझ्या हातचंच खातायत!"

मी पात्रात चमचाभर मिश्रण ओतलं. ते चर्रर्र वाजलं, तशी सुरेखा मागं सरली आणि पाहुण्यांना मी आत दिसू नये म्हणून तिनं सैपाकघराचं दार लावून घेतलं.