दुसरा जबाब

ललितानं ज्वारीचा डबा आपल्या पिठाच्या गिरणीत ओतला, तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी फटाक्यांची माळ लागली. पाठोपाठ हलगी. तिनं वर पाहिलं नाही. अमरसिंह सुटून आला होता.

दिवाळीच्या आधी त्याला स्थानबद्ध करून येरवड्याला नेलं, तेव्हा कसबा बावड्याच्या या गल्लीत कुणी काही बोललं नव्हतं. नुसती दारं उशिरापर्यंत उघडी राहू लागली होती. याच्यामुळे सार्वजनिक सुव्यवस्थेला धोका आहे, असं जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशात म्हटलं होतं. त्याला आधार दोन जबाबांचा. देणाऱ्यांची नावं गुप्त ठेवलेली.

त्यातला एक ललिताचा होता. अमरसिंहनं तलवार घेऊन गिरणीत शिरून दळणाला थांबलेल्या बायकांना हाकललं होतं, पिठाचे डबे रस्त्यावर उधळले होते. त्यानंतर कितीतरी दिवस गल्लीतलं दळण राजारामपुरीला जात होतं. तिनं हे पोलिसांच्या साहेबांना खालच्या आवाजात सांगितलं आणि कागदावर सही केली. नवरा, नागसेन, शिरोलीच्या फौंड्रीत होता. तो वारल्यापासून तिला अडवणारं घरात कुणी नव्हतंच.

दुसरा जबाब समोरच्या पानटपरीवाल्या ज्ञानूचा असणार, असं तिनं धरलं होतं. अमरसिंहनं त्याचा हात मोडला होता. तिनं त्याला कधी विचारलं नाही. पण सकाळी टपरी उघडताना त्यानं मान हलवली की तिला बरं वाटायचं. आपल्याबरोबर आणखी कुणीतरी बोललंय, एवढ्यावर तिचे ते महिने निघाले होते.

आता तोच ज्ञानू कपाळाला गुलाल लावून पेढा घेऊन आत आला. मुंबईच्या हायकोर्टानं आदेश रद्द केला होता. वकिलानं कट्ट्यावर समजावून सांगितलेलं त्यानं तिला ऐकवलं. हे एकट्यादुकट्याबरोबरचे तंटे आहेत, त्यासाठी नेहमीचे खटले भरा. अशा तंट्यांनी गल्लीचं रोजचं जगणं काही विस्कटलेलं दिसत नाही, असं कोर्टाचं म्हणणं होतं.

"त्ये जबाबवालं दोघं कोण आसत्याल, वैनी?" ज्ञानूनं विचारलं. "आपल्या गल्लीतलं कोण न्हाई, एवढं खरं."

त्याच्या चेहऱ्यावर काही लपवल्याची खूण नव्हती. तो गेल्यावर तिनं पेढा तराजूच्या पारड्यात ठेवला आणि बराच वेळ रिकामी गिरणी चालू ठेवली.

संध्याकाळी धोंडुबाई आली, अमरसिंहची आई. दळण मूठभरच होतं. पोरगा आत गेल्यापासून बायका तिच्याशी तुटक वागत. ती गिरणीतच तेवढी घटकाभर बसायची. गिरणीमागच्या ललिताच्या खोलीत, बाबासाहेबांच्या फोटोसमोर, मात्र तिनं इतक्या वर्षांत कधी पाऊल टाकलं नव्हतं. दळण झालं, पट्टा थांबला, तरी ती उठली नाही.

"पोरगं आलं न्हवं? जा की मावशी," ललिता म्हणाली.

धोंडुबाईनं पदर गच्च धरला. मग बोलू लागली. पोलीस आले होते तेव्हा तिनंही सांगितलं होतं. दारू पिऊन तो केस धरून फरफटत नेतो, उलथनं तापवून हातावर ठेवलं, सगळं. नाव कळणार नाही, असं साहेब म्हणाले होते. पण तुरुंगात त्याला जबाबाच्या नकला मिळाल्या. नाव खोडलेलं होतं. ती भेटायला गेली तेव्हा त्यानं जाळीतून हळूच विचारलं होतं, "आई, चुलीम्होरचं बोलणं कागदात कसं आलं?"

एवढं सांगून तिनं पिठाकडे बघत विचारलं,

"दुसरा जबाब देणारं कोण आसंल गं? त्या माणसाला तरी कोण आसंल का घरात?"

ललिताच्या तोंडाशी आलं आणि तिथंच राहिलं. तिनं डब्याला झाकण लावलं, दिवा मालवला आणि डबा स्वतःच उचलला. धोंडुबाई मागून निघाली.

अमरसिंह उंबऱ्यावर बसला होता, गळ्यात हार. पोरं, शेजारी, ज्ञानू, सगळे अंगणात. ललिता त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"मावशी आजपासनं माझ्याकडं झोपाय येणार हाईत. मी एकटीच हाय घरात. भ्या वाटतंय."

अमरसिंहनं आधी आईकडे पाहिलं. मग तो हसला.

"भ्या? कुणाचं?"

हलगीवाला थांबला होता.

"तुझं," ललिता म्हणाली. तिचा आवाज पलीकडच्या दारापर्यंत गेला.

धोंडुबाईनं तिच्या तोंडाकडे नीट पाहिलं, मग तिच्या हातातला डबा आपल्याकडे घेतला आणि गिरणीच्या दिशेनं चालू लागली.