दुसऱ्या अंकातली कबुली

विनी कास्लर म्हणजे बारा गावचं पाणी प्यायलेली लेखिका. घोडेस्वारांचे चित्रपट, रहस्यपट, नवरा-बायकोच्या भांडणांचे विनोदी चित्रपट, निर्माता मागेल ते तिने हॉलिवूडमध्ये लिहून दिलं. 'विनी म्हणजे शिंपीण, माप द्या नि घेऊन जा,' असं लोक म्हणत. हे कौतुक नव्हे, हे तिला कळत असे. पुढे चित्रपटांचं काम आटलं, तशी ती टेलिव्हिजनकडे वळली. तिथे नाटकं थेट घरोघर जात. कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला की चूक पुसायला जागा नाही.

छप्पन्न सालच्या त्या रविवारी तिचं नाटक चालू होतं. धरणाच्या म्हाताऱ्या पहारेकऱ्याचं काम ऑगी पेल्टनला मिळावं म्हणून ती निर्माता लायल ब्रँडिसशी भांडली होती. ऑगी मूकपटांतला नट. बोलपट आले आणि तो घरी बसला. "तोंडघशी पडला तर तुझ्यामुळे हं," लायलने बजावलं होतं.

दुसऱ्या अंकात तपासाला आलेल्या शेरीफने विचारलं, "धरणाचं पाणी गावात शिरलं तेव्हा तू कुठे होतास?"

ऑगीने म्हणायचं होतं, 'झोपलो होतो.' तो घुटमळला. ओठ हलले. मग तो खणखणीत बोलला, "धरणाचं दार मीच उघडलं. गाव माझ्यामुळे बुडालं."

वरच्या नियंत्रणकक्षात काचेआडून बघणारी विनी ताडकन उठली. ते नाटकातलं शेवटचं वाक्य होतं!

दिग्दर्शकाने घाईघाईने साबणाची जाहिरात सुरू केली.

"झालं! गुन्हेगार सापडला!" लायल ओरडला. "आता तिसऱ्या अंकात काय साबणाचा फेस दाखवू? म्हाताऱ्याची तब्येत बिघडली म्हणून सांगतो आणि बंद करतो."

"अख्खा देश बघतोय, लायल. उद्यापासून तो घराबाहेर तोंड दाखवायचा नाही."

"आणि माझी नोकरी?"

रहस्यपटात आधी कबूल करतो तो कधीच गुन्हेगार नसतो, हे विनीला ठाऊक होतं. विनी धावतच खाली गेली. पहारेकऱ्याच्या लेकीचं काम करणारी नोरीन पांढरीफटक पडली होती.

"नोरीन, बाप खोटं बोललाय, तुला वाचवायला. दार तू उघडलंस."

"मी? का म्हणून?"

"धरणाच्या वरच्या अंगाची तुझी शेतं साठलेल्या पाण्यात बुडत होती म्हणून. शेरीफ, तुझे प्रश्न तेच ठेव. फक्त म्हाताऱ्यावर विश्वास ठेवू नकोस. शेवटी नोरीन कबूल करेल."

"पण शब्द?" नोरीनने विचारलं.

"सुचतील ते."

"मला नाही जमणार, विनी!"

"जमव!"

ऑगी खुर्चीत डोकं धरून बसला होता. "पोरी, काय केलं मी?"

"एक अंक ओलांडलात."

त्याने डोळे मिटले. "डोक्यातून सगळं पुसलं गेलंय गं. एक शब्द आठवत नाही."

"मग बोलूच नका. लेक बोलेल तेव्हा फक्त तिच्याकडे बघा."

दिवा लागला. शेरीफ प्रश्न विचारत राहिला, ऑगी गप्प. अखेर नोरीन पुढे झाली, अडखळली.

"बाबा... पुरे आता. दाराची किल्ली मी घेतली होती."

तिने बेडीसाठी हात पुढे केले. ऑगी सावकाश उठला. लेकीच्या दोन्ही मुठी त्याने आपल्या हातांत झाकल्या आणि शेरीफकडे पाठ करून उभा राहिला. कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावरून हललाच नाही.

नाटक संपताच प्रेक्षकांचे कौतुकाचे फोन खणखणू लागले. लायलने विनीला मिठी मारली. "पुढच्या महिन्यात पुन्हा ऑगीच! त्याच्यासाठी लिही काहीतरी."

विनी ते सांगायला गेली तेव्हा ऑगी आरशासमोर रंग पुसत बसला होता.

"नको," तो म्हणाला. "आज तू ओढून बाहेर काढलंस. त्या काठावर मला परत उभं करू नकोस."

"पण तुम्ही काय काम केलंत, ऑगी! लोक..."

"माहीत आहे मला. म्हणून तर आजच थांबतो."

तिच्या तोंडाशी दहा युक्तिवाद आले होते. तिने ते गिळले आणि त्याला कोट चढवायला मदत केली.