डोळ्यांची आखणी

मुंबईहून आलेल्या गॅलरीवाल्याने ओटीवरच चित्र उभं केलं. लांज्याच्या एका घरात त्याला ते मिळालं होतं.

"आजी, खाली महिपतरावांची सही आहे, पण आम्हाला चित्र नकली वाटतंय. डोळेच बघा ना! त्यांच्या चित्रांतल्या बायकांचे डोळे कसे जिवंत असतात. हे नुसती बटणं."

मासळीवाली, तिची टोपली आणि खरंच, दोन बटणं. मी बघताक्षणीच ओळखलं.

ह्यांना जाऊन सात वर्षं झाली. चित्रकला हे शिकले ते सासऱ्यांच्या गणपतीच्या कारखान्यात. तिथे रंग कुणीही लावी, पण डोळ्यांची आखणी शेवटी एकाच स्थिर हाताने व्हायची. तो हात माझा. पुढे हे कॅनव्हासवर चित्रं काढायला लागले, तरी डोळ्यांविना चेहरे माझ्यापुढे आणून ठेवत. खाली सही मात्र ह्यांची. एका वर्षी मला मोतीबिंदू झाला, तेव्हा एवढं एकच चित्र ह्यांनी एकट्याने पुरं केलं.

म्हणजे संपूर्ण ह्यांचं असं हेच एक. पण ते सांगायचं, तर बाकीची कुणाची हेही सांगायला हवं. या वयात कोण उकरत बसणार? आणि हा मेला ऐकणार होता थोडाच!

"नकली आहे," मी म्हटलं.

त्याने लगेच कागद पुढे केला. "तसंच लिहिलंय. पत्नी म्हणून इथे सही करा."

ह्यांच्या चित्रासाठी आयुष्यात पहिल्यांदा माझी सही झाली, ती चित्र ह्यांचं नाही म्हणून.