लेमुएलमामाची बुडी

आमच्या चर्चमध्ये बाप्तिस्मा म्हणजे आख्खा माणूस पाण्याखाली गेला पाहिजे. कपाळावर चार थेंब शिंपडून भागत नाही. माझा लेमुएलमामा मात्र म्हातारा झाला तरी कोरडाच होता. दर रविवारी यायचा, मागच्या बाकावर बसून खणखणीत आवाजात गायचा आणि पाण्याचा विषय निघाला की म्हणायचा, "त्या गटारात मी उतरणार नाही."

खोटं नव्हतं ते. बेथेल ओढा मामाच्याच जमिनीतून जातो. त्याच्या आजोबांनी शेतासाठी तो खोदून सरळ केला, तेव्हापासून काठ ढासळले आणि वरच्या डुक्करफार्मचं पाणी येऊन तो तपकिरी झाला. पुलाखाली छातीइतका खोल डोह पडला होता. आम्हा सगळ्यांना त्या डोहातच बुडवलेलं. पुढे चर्चमध्ये गरम पाण्याचा हौद बांधला, पण ओझेलामामीला तो नामंजूर. "आंघोळीचा टब आहे तो. माझी आई ज्या ओढ्यात उतरली, त्यातच लेम उतरेल," असं ती पास्टरला तोंडावर सांगायची.

मी ज्या कंपनीत काम करते, ती बिघडलेले ओढे दुरुस्त करते. रस्ता किंवा मॉल बांधताना कुणी ओढा बुजवला, तर त्याच नदीच्या खोऱ्यातला दुसरा ओढा सुधारून भरपाई करावी, असा कायदा आहे. ती भरपाई आम्ही आधीच करून ठेवतो, सरकारी माणसं मोजून पास करतात आणि बांधणारे ती आमच्याकडून विकत घेतात. याला बँक म्हणतात. मला हा धंदा अर्धाच पटतो, कारण बुजलेला ओढा बुजलेलाच राहतो. पण दुरुस्त केलेल्या ओढ्यात मासे परत येतात, हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

कंपनीने मामाच्या ओढ्याला मागणी घातली, तेव्हा तो ढिम्म हलेना. मामीनेच त्याला सही करायला लावली. काठावर नांगर नाही, ओढ्यात खोदकाम नाही, असं कायमचं लिहून द्यायचं होतं.

"पाणी स्वच्छ झालं की बघते आता कुठलं कारण काढतोस ते," मामी म्हणाली.

"मला एक सांग," मामा म्हणाला, "तिकडे कुणी ठेकेदार पाप करणार आणि इकडे माझा ओढा पश्चात्ताप करणार. हे सरकारला चालतं ना? मग तुझ्याकडे एवढं पुण्य साठलंय, त्यातलं थोडं माझ्या नावावर लाव की."

"खोरं एकच लागतं, लेम. मी चालले वर. तू कुठे वाहत चाललायस, ते तुझं तुला ठाऊक!"

मशिनं आली. ओढा पुन्हा त्याच्या जुन्या वळणांवर नेला, सरळ चर मातीने भरला, डुक्करफार्मचं पाणी अडवलं, काठाला झाडं लावली. मामीच्या गुडघ्यांमुळे तिला तिकडे जाता यायचं नाही, पण पाणी नितळ झाल्याचं कानावर आलं आणि तिने लगेच रविवार ठरवला. मामासाठी पांढरा झगा स्वतः शिवला. सगळं चर्च काठावर जमलं; मामीला दोघांनी धरून आणलं.

पाणी काचेसारखं होतं. आणि जेमतेम पोटरीपर्यंत.

"डोह कुठाय गं?" मामीने मला विचारलं.

"बुजवला, मामी. जुना चर भरला, त्यात तोही गेला. एवढासा ओढा उथळच असायला हवा."

"मग खोद ना एक."

"नाही खोदता येत. मामाने सही करून दिलीय."

सही कुणी करवली होती, हे मामीला माहीत होतं. डोहाचं तिला आधी सांगायचं मला सुचलंच नव्हतं. पास्टर ग्रेडी हळूच म्हणाले, "हौद आहेच..." मामीने त्यांच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

मामा सुटला, असंच सगळ्यांना वाटलं. आता हा काहीतरी फाजील बोलणार म्हणून मी त्याला चिमटा काढायच्या तयारीत होते. पण तो वाकून बूट काढत होता. झगा सावरत ओढ्याच्या मधोमध गेला आणि खाली बसला.

"या पास्टर," म्हणाला आणि उताणा झाला.

पास्टरांनी प्रार्थना म्हटली आणि त्याचं डोकं दाबलं. डोकं गेलं, छाती गेली, पोट मात्र बेटासारखं वर. काठावर कुजबुज सुरू झाली.

"पोट राहिलं!" मामी ओरडली आणि बुटामोज्यांसकट पाण्यात उतरली. "कुशीवर हो, लेम. अस्सं. अजून."

मामा एकदाचा कुशीवर वळला आणि आख्खाच्या आख्खा पाण्याखाली गेला. पास्टरांनी प्रार्थना पुन्हा म्हटली. मामा फुरफुरत उठून बसला. मामीही त्याच्याजवळ वाळूवर टेकली.

"एवढं सोपं होतं, तर इतकी वर्षं का छळलंस मला?"

"त्या डोहात भीती वाटायची गं."

"कसली?"

"बुडायची. पास्टरच्या हातातून निसटलो तर? तुला सांगितलं असतं, तर हसली असतीस."

मामी हसली नाही. "मी रोज रात्री तुझ्यासाठी रडत होते, लेम. मला वाटायचं, तुझा विश्वासच नाही."

"देवावर होता," मामा म्हणाला. "पास्टरवर नव्हता."