साहेबांचा उन्हाळा

मुलगी नोकरीसाठी परदेशी गेली तेव्हा तिचं कासव माझ्या गळ्यात मारून गेली. मी त्याला साहेब म्हणतो. आमचे जुने साहेबही असेच मान बाहेर काढून बघायचे आणि काही न बोलता परत आत घ्यायचे.

काचपेटीशेजारच्या भिंतीवर तिने तक्ता चिकटवला होता. उन्हाळ्यात दिवे चौदा तास. मग दर आठवड्याला एक तास कमी करत आठवर यायचं, शेवटी दिवे बंद, पेटी मागच्या थंड खोलीत, आणि दहा आठवडे साहेबांची थंडीतली झोप. मी चाळीस वर्षं वायरमनचं काम केलं. टायमर लावणं माझ्या डाव्या हातचा मळ. पहिल्या हिवाळ्यात सगळं तक्त्याबरहुकूम केलं.

ते दहा आठवडे मी विसरलेलो नाही. बायको जाऊन तेव्हा वर्ष झालं होतं. सकाळी चहाचा कप घेऊन सवयीने पेटीपाशी जायचो, तर तिथे नुसतं टेबल. एकदा नळ दुरुस्त करणारा आला आणि त्याच्याशी बोलताना माझा आवाजच फुटेना. चार दिवस तोंड उघडलं नव्हतं.

म्हणून या हिवाळ्यात मी टायमरला हातच लावला नाही. बाहेर लवकर अंधारायला लागलं, आत मात्र चौदा तास लख्ख उन्हाळा. दर रविवारी मुलीचा फोन यायचा.

"झोपले का साहेब?"

"गाढ," मी ठोकून द्यायचो. समोर साहेब पान चघळत माझ्याकडे बघत असायचे. खोटं कशाला बोलू, मला मजा वाटायची.

मग पानं तशीच राहू लागली. साहेब दोन पावलं टाकायचे आणि दिव्याखाली डोळे मिटून बसायचे. वजन उतरलं. त्यांना टोपलीत घालून जनावरांच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं.

"टायमर बिघडलाय का?" त्यांनी विचारलं.

"मी लावलेला टायमर बिघडत नाही," मी म्हणालो. ही फुशारकीची वेळ नव्हती, हे बोलून गेल्यावर कळलं.

"मग हा दमलाय, आजोबा. थंडी पडलीये हे त्याच्या अंगाला कळतंय आणि तुम्ही झोपू देत नाही. असंच चाललं तर हातचा जाईल. उजेड हळूहळू कमी करा."

त्यांच्याकडे नंबर मुलीचा होता; त्यांनी तिलाच कळवलं. संध्याकाळी तिचा फोन आला, रविवार नसताना.

"बाबा, इतके आठवडे खोटं बोललात? का झोपू दिलं नाहीत त्याला?"

मी आधी म्हणालो, तक्ता नीट दिसत नाही. मग मागच्या खोलीतल्या ओलीचं कारण दिलं. तिने दोन्ही ऐकून घेतलं.

"तो झोपला की घरात कुणी जागं नसतं गं," मी म्हणालो.

"मी रोज फोन करेन," ती म्हणाली. आठवडाभर केलाही. मग एक दिवसाआड, मग पुन्हा रविवारी. तिला बोल लावत नाही. तिच्यामागे काय कमी व्याप आहेत?

मी मात्र दिवे कमी करत गेलो. काल शेवटचा दिवा काढला आणि पेटी मागच्या खोलीत ठेवली. साहेबांनी एक डोळा उघडून माझ्याकडे पाहिलं.

"झोपा आता," मी म्हणालो. "मी आहे जागा."