सासूबाईंच्या तोंडचा दुसरा खंड

मी तिसरा खंड बोलतोय. सरहद्दीवरच्या बंडाच्या एका जाडजूड कादंबरीचा शेवट माझ्याकडे आहे. जंगल तोडून वसवलेली ठाणी, नदीपल्याडचे बंडखोर, अखेरची लढाई, सगळं माझ्या पोटात! पण गोरेगावच्या आमच्या वाचनालयातून दुसरा खंड कुणीतरी नेला, तो परत आणलाच नाही. मधलं ठाऊक नसताना मला कोण नेणार? पंचवीस वर्षं माझ्यावर तारखेचा शिक्का पडला नव्हता.

गेल्या महिन्यात ग्रंथपाल नंदकुमारांनी मला रद्दीच्या ढिगात टाकलं. तेवढ्यात निधी पहिला खंड परत करायला आली. नुकतीच लग्न होऊन दिंडोशीला आलेली, मोजकं बोलणारी.

"दुसरा नाहीये हो. तिसरा नेऊन काय करणार?"

"सासूबाईंनी वाचलाय दुसरा. त्या सांगतील."

"बघा. नाही जमलं तर शनिवारच्या आत आणून द्या. रद्दीवाला येतोय."

सासूबाईंनी, म्हणजे प्रेमाबाईंनी, कोळंबी सोलता सोलता दुसरा खंड सुरू केला. काय तो आवेश! ओट्यावर ठाणं लढवलं, परातीत नावा बुडवल्या. तिसऱ्या दिवशी त्यांनी बंडखोरांच्या म्होरक्याला, हैबतरावाला मारलं. "छातीत भालो, गो! गेलो बिचारो!" निधीने डोळे पुसले. भात करपला.

मी मात्र गारठलो. माझ्या पहिल्याच ओळीत हैबतराव घोड्यावर मांड ठोकतो!

निधीने मला उघडलं. मिटलं. पुन्हा उघडलं. संपलं, म्हटलं, आता शनिवार!

"आई, हैबतराव घोड्यावर बसलाय."

"मेलो म्हटलंय ना तुका!"

"छापलंय इथे."

प्रेमाबाईंनी चष्मा लावून ओळ वाचली. "मगे मी मारलंय कोणाक?" मग हळूच म्हणाल्या, "दुसरो माका तरी खंय गावलो? पंचवीस वर्षां वाट बघून शेवटाक आपणच रचलंय."

निधी हसली, अगदी शेजारच्या प्रभूंना ऐकू जाईल अशी. मग मला मांडीवर पालथं ठेवून म्हणाली, "आता तो जिवंत कसा झाला ते सांगा. त्याशिवाय मी पान उलटणार नाही."

तेव्हापासून माझ्यावर दोन ताजे शिक्के पडलेत. मी अजून पहिल्याच पानावर आहे, आणि मला त्याचं काही वाटत नाही.

वाचकहो, तो हरवलेला दुसरा खंड तुमच्या माळ्यावर असेल, तर हात जोडून सांगतो, इतक्यात परत करू नका. हैबतराव गवताच्या गंजीत लपलाय, शिपाई भाल्याने गंजी टोचतायत, आणि प्रेमाबाई नेमक्या कुकर बंद करायला उठल्यात.