दम न घेणारी बाई

सुनेने कीबोर्डची पांढरी पट्टी दाबून धरली आणि लॅपटॉपमधली बाई गाऊ लागली. आऽऽऽ. शेजारच्या खुर्चीत उशीचा अभ्रा शिवत बसलेल्या सासूबाईंनी सुई थांबवली.

"ही दम कधी घेते?"

"घेतच नाही, आई. स्वस्तातला प्लगइन आहे. कुणा गाणारीचा एकेक सूर रेकॉर्ड करून एकेका पट्टीवर बसवलाय. बोट उचलेपर्यंत तोच फिरून फिरून वाजतो."

"सून असेल कुणाची तरी."

सून हसली नाही. मुलांच्या गोष्टी ऐकवणाऱ्या कंपनीने तिची अंगाई दोनदा परत पाठवली होती. छान आहे, पण झोप येत नाही, म्हणे. आज संध्याकाळी तिसऱ्यांदा परत आली, तर तिचं हे पहिलंच काम दुसऱ्याकडे जाणार होतं.

"झोप येईल कशी? ही मूल निजवत नाहीये, हजेरी देतेय."

"मग तुम्ही गा. माईक चालूच आहे, रेकॉर्डही होतंय."

"मी? माझी पोरं मी गाऊन नाही, डोळे वटारून निजवली."

सुनेने हेडफोन कानांवर चढवले आणि ती पुन्हा पट्ट्यांकडे वळली. दुपार कलली होती. खिडकीतला पडदा हळूहळू फुगायचा, हळूहळू रिता व्हायचा. त्याच्या तालावर भिंतीवरचं ऊन पुढे सरकायचं, मागे यायचं. सासूबाईंना वाटलं, आपण एका लांबच लांब ओसरीवरून चालतोय आणि पुढे कुणीतरी गात चाललीय. बाई गं, टेक जरा, असं तिला सांगायचं होतं. पण पाय कापसाचे झाले होते. सुई अभ्र्यातच राहिली.

दिवसा झोपणं त्यांना ठाऊक नव्हतं. निदान त्यांचं तसं म्हणणं होतं. झोपेत आजीचं नाक बारीक शिट्टी वाजवतं, असं नातवंडं म्हणत. त्यावर, वारा असतो तो, मेल्यांनो, असं उत्तर ठरलेलं होतं.

माईक बंद करायला गेलेला सुनेचा हात मध्येच थांबला. ती कान देऊन ऐकत राहिली. मग तिने रेकॉर्डिंगचा एक तुकडा कापला आणि प्लगइनमध्ये नेऊन अगदी शेवटच्या, खालच्या पट्टीवर ठेवला.

"ऐकतेय हं मी," सासूबाई डोळे उघडून म्हणाल्या. "मिटल्या डोळ्यांनी नीट ऐकू येतं."

सुनेने हेडफोन काढून अंगाई मोठ्याने लावली. आऽऽ... मग सूर थांबला. त्या रिकाम्या जागेत एक संथ, रुंद श्वास आत आला, रेंगाळला, बाहेर पडला. त्याच्या शेवटाला बारीकशी शिट्टी होती.

सासूबाईंचा हात नाकापर्यंत गेला आणि चष्मा सारखा करून परत आला.

"ही कोण?"

"आहे एक." सून पट्ट्यांकडेच बघत होती. "तुम्ही म्हणत असाल तर काढून टाकते."

सासूबाईंनी सुई उचलली. एक टाका घातला, तो वाकडा गेला, उसवला. पडदा फुगला, रिता झाला. लॅपटॉपमधली गाणारी पुन्हा थांबली आणि दुसरीने तिच्यासाठी श्वास घेतला.

"गाढ झोपलीय बिचारी," त्या खालच्या आवाजात म्हणाल्या. "उठवू नकोस."